दिवे चार कंपन्यांचे, पण भाषा कुणाची?



गणपतीच्या दिवसांत माजी विद्यार्थ्यांच्या घरून आरतीचं आमंत्रण येतं. अशाच एका घरी, भाट्ये पुलापलीकडे, यंदा गेलो होतो. मखराला माळा सोडलेल्या होत्याच, पण आतल्या खोलीतूनही निळा-जांभळा उजेड बाहेर येत होता. मी तिकडे बघतोय हे पाहून मुलाची आई म्हणाली, "सर, तुम्हीच जरा सांगा ह्याला. जुनं सामान आणून खोक्यात दिवाळी लावलीन आहे!"

खोकं म्हणजे कॉम्प्युटर. मुलगा आमच्याच शाळेतून दहावी झालेला, आता डिप्लोमाच्या पहिल्या वर्षाला आहे. वडील आंब्याच्या हंगामात बागा राखतात, एरवी मिळेल ते काम करतात. त्यामुळे त्या खोक्यातला एकही भाग नवा नव्हता. मदरबोर्ड एका कंपनीचा, रॅम दुसरीची, कीबोर्ड तिसरीचा, पंखे चौथीचे. जसे पैसे साठले आणि जसं सामान मिळालं, तसं जमवलेलं. गंमत म्हणजे आजकाल या प्रत्येक भागावर रंगीत दिवे असतात, हवे असोत वा नसोत.

मी उपदेश करायच्या तयारीनेच आत गेलो. "अरे, अभ्यासाला कॉम्प्युटर घेतलास ना? मग ही रोषणाई कशाला?" असं काहीतरी तोंडावर आलंच होतं. तो म्हणाला, "सर, दिवे राहू देत. हे सगळं एकाच ठिकाणाहून कसं चालतंय ते बघा." त्याने एक छोटासा प्रोग्राम उघडला. डाव्या बाजूला यादी होती, त्यात मदरबोर्ड, रॅम, कीबोर्ड अशी नावं ओळीने. त्याने एक रंग निवडला आणि तीन वेगवेगळ्या कंपन्यांच्या वस्तू एकदम केशरी झाल्या. पंखे मात्र आपल्याच धुंदीत निळे फिरत राहिले. "ते अजून यादीत येत नाहीत. त्यांचंच काम चाललंय," तो म्हणाला.

त्या प्रोग्रामचं नाव ओपनआरजीबी. आज त्याच्याबद्दल लिहायचं आहे. दिव्यांचं कौतुक म्हणून हे लिहीत नाही. विकत घेतलेल्या वस्तूवर हक्क कुणाचा, हा प्रश्न आपण मुलांना शिकवत नाही आणि तो शिकवण्याची इतकी सोपी संधी क्वचित मिळते, म्हणून लिहितोय.

चार कंपन्या, चार ॲप

आधी अडचण समजून घेऊ. अशा प्रत्येक दिव्यात लाल, हिरवा आणि निळा असे तीन बारीक दिवे असतात. इंग्रजी आद्याक्षरांवरून त्याला आरजीबी म्हणतात. कोणता किती उजळायचा हे कॉम्प्युटर सांगतो. पण सांगायची पद्धत प्रत्येक कंपनीची वेगळी. आसूसचं ऑरा, एमएसआयचं मिस्टिक लाइट, गिगाबाइटचं आरजीबी फ्यूजन, कोर्सेअरचं आयक्यू, रेझरचं सिनॅप्स. वस्तू ज्या कंपनीची, तिचंच सॉफ्टवेअर घ्यायचं. चार कंपन्यांचं सामान असेल तर चार प्रोग्राम, चौघेही कॉम्प्युटर सुरू होताच जागे होणार आणि मेमरी अडवून बसणार. लिनक्सवर काम करायचं असेल तर बहुतेक कंपन्यांचं हे सॉफ्टवेअर चालतच नाही.

या मुलाच्या बाबतीत आणखी वेगळंच झालं होतं. जुन्या कीबोर्डचं ॲप कंपनीने बंद केलं होतं आणि नव्या ॲपला तो जुना कीबोर्ड ओळखता येत नव्हता. दुसऱ्या एका ॲपने साधा रंग बदलण्यासाठी ईमेल देऊन खातं उघडायला लावलं. मुलगा मला म्हणाला, "सर, कीबोर्ड माझ्या टेबलावर, वायर माझ्या कॉम्प्युटरला, आणि परवानगी कुठल्या तरी परदेशातल्या सर्व्हरची?"

हा प्रश्न मला फार आवडला. नागरिकशास्त्राच्या तासाला शोभेल असा प्रश्न आहे.

हा अनुभव आपल्याला नवा नाही

माझ्या वयाच्या शिक्षकांना आठवत असेल. घरी बसून मराठीचा पेपर टाइप करायचा, सीडीवर किंवा पेनड्राइव्हवर घालून शाळेत न्यायचा, आणि तिथे उघडला की "खालीलपैकी कोणतेही तीन प्रश्न सोडवा" याच्या जागी इंग्रजी अक्षरं, आकडे आणि उद्गारचिन्हांचा काला. कारण काय, तर आपल्या घरी एका कंपनीचा फाँट आणि शाळेत दुसऱ्या कंपनीचा. 'क' साठी कुठला क्रमांक वापरायचा हे प्रत्येक कंपनीने आपापलं ठरवलेलं. पेपर आपण काढलेला, भाषा आपली, पण तो वाचायचा तर त्याच कंपनीचं सॉफ्टवेअर विकत घ्यायला हवं. असे किती पेपर, किती स्मरणिका, किती जणांच्या कविता त्या जुन्या फाइलींमध्ये अडकून पडल्या असतील!

ही कोंडी सुटली ती सगळ्यांनी मिळून एकच क्रमवारी मान्य केली तेव्हा. भारतीय लिप्यांसाठी १९९१ मध्ये इस्की हे भारतीय मानक आलं आणि त्याच वर्षी युनिकोडच्या पहिल्या आवृत्तीत देवनागरीला जागा मिळाली. युनिकोडमध्ये 'क' चा क्रमांक एकच, मग फोन कुठल्याही कंपनीचा असो. तो रुळायला पुढे बरीच वर्षं गेली. आज आपण व्हॉट्सॲपवर पालकांच्या ग्रुपला मराठीत सूचना टाकतो आणि ती शंभर वेगवेगळ्या फोनवर सारखीच दिसते, ती त्या समान भाषेमुळे. फाँट बनवणाऱ्या कंपन्या त्यामुळे बुडाल्या नाहीत. उलट अक्षरांच्या सौंदर्यावर स्पर्धा सुरू झाली. कोंडून ठेवण्यावरची स्पर्धा संपली, एवढंच.

दिव्यांचं आज नेमकं तेच चाललं आहे. फक्त इथे कुणाची कविता अडकत नाही, म्हणून आपण त्याकडे गंभीरपणे बघत नाही.

ओपनआरजीबी म्हणजे काय

ॲडम होन्स नावाच्या एका प्रोग्रामरने आपल्याच कॉम्प्युटरच्या दिव्यांसाठी केलेल्या खटपटीतून हा प्रकल्प उभा राहिला. सुरुवातीला एकाच कंपनीच्या दिव्यांपुरता होता, नंतर इतर कंपन्यांची उपकरणं त्यात येत गेली आणि नावही बदललं. गेल्या काही वर्षांत जगभरातल्या अनेकांनी आपापल्या घरच्या वस्तूंची भाषा उलगडून त्यात भर घातली. तो विंडोज, लिनक्स आणि मॅक तिन्हींवर चालतो. फुकट आहे, खातं उघडावं लागत नाही, इंटरनेट नसलं तरी चालतो.

फुकट असणं ही त्यातली लहान गोष्ट आहे. मोठी गोष्ट म्हणजे तो ओपन सोर्स, म्हणजे मुक्तस्रोत आहे. बाजारातून फणसपोळी आणली तर ती खाता येते. पण शेजारच्या काकूंनी पोळीबरोबर कृतीही लिहून दिली, वर म्हणाल्या, "तुझ्याप्रमाणे साखर कमी-जास्त कर आणि पुढे कुणाला हवी असेल तर दे," तर ती वेगळी गोष्ट झाली. ओपनआरजीबीचा परवाना जीपीएल या प्रकारचा आहे. त्यात हेच चार हक्क लिहिलेले आहेत: वापरा, आतून वाचा, बदला, वाटा. अट एवढीच की बदलून वाटलंत, तर तुमची सुधारलेली कृतीही तशीच उघडी ठेवायची. मला ही अट शिक्षकी पेशाच्या फार जवळची वाटते. आपल्याला जे मिळालं ते पुढच्या वर्गाला देताना आपण कुलूप लावत नाही.

यात शिकण्यासारखं काय

"ठीक आहे, पण शाळेत याचा काय उपयोग?" असं कुणी विचारेल. मला तीन-चार तास सरळ दिसतात.

पहिला गणिताचा. प्रत्येक रंगाची पातळी ० ते २५५ अशी २५६ पायऱ्यांत मोजतात, कारण ८ बिटांत तेवढेच आकडे मावतात. तीन रंग, म्हणून २५६ × २५६ × २५६. उत्तर येतं १,६७,७७,२१६. जाहिरातीत छापलेले "१ कोटी ६७ लाख रंग" कुठून आले, हे सातवीतला मुलगा वहीत करून बघू शकतो. घातांक शिकवायला याहून चमचमीत उदाहरण कुठलं?

दुसरा विज्ञानाचा. मुलांना रंगपेटी माहीत असते, त्यामुळे लाल आणि हिरवा मिसळला की मातकट होतो असं ती ठामपणे सांगतात. मग दिव्यात लाल २५५, हिरवा २५५, निळा ० करून दाखवा. पिवळा होतो! तिन्ही पूर्ण केले की पांढरा. रंग मिसळणं आणि प्रकाश मिसळणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे दोन मिनिटांत डोळ्यांना पटतं. असे दिवे नसतील तर तीन टॉर्च आणि तीन रंगांचे जिलेटीन पेपर घेऊनही हा प्रयोग होतो, फक्त खोली अंधारी हवी.

तिसरा विजेचा. ५ व्होल्टवर चालणाऱ्या रंगीत पट्टीतला एक दिवा पूर्ण पांढरा पेटला की साधारण ६० मिलिअँपिअर प्रवाह घेतो. म्हणजे ०.३ वॅट. १०० दिव्यांची पट्टी झाली ३० वॅट. घरातल्या ९ वॅटच्या तीन एलईडी बल्बांपेक्षा जास्त. "एवढीशी तर पट्टी आहे" म्हणणाऱ्या मुलाला हे गणित त्याच्याच हाताने करू द्यावं. मग रोषणाई किती वेळ ठेवायची, हे सांगायची गरज पडत नाही.

चौथा तास मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. यादीत न येणाऱ्या त्या पंख्यांचं "काम चाललंय" म्हणजे नेमकं काय, ते त्या मुलाने मला दाखवलं. एका मित्राच्या विंडोज कॉम्प्युटरवर कंपनीचं मूळ ॲप घालायचं. वायरशार्क नावाचा दुसरा एक मुक्त प्रोग्राम लावायचा, जो यूएसबीच्या तारेतून जाणारे संदेश नोंदवून ठेवतो. मग ॲपमध्ये पंखा लाल करायचा आणि कोणते आकडे गेले ते बघायचं. नंतर हिरवा करायचा, पुन्हा बघायचं. दोन्ही संदेश एकाखाली एक लिहायचे. लांबलचक आकड्यांच्या ओळीत बाकी सगळं तेच, फक्त एका ठिकाणी २५५, ०, ० च्या जागी ०, २५५, ० झालेलं दिसतं. रंग कुठे लिहिला जातो ते सापडलं! मग फक्त वेग बदलायचा, मग फक्त उजेड. काही दिव्यांना आधी हिरव्याचा आकडा लागतो आणि मग लालचा. काही संदेशांच्या शेवटी सगळ्या आकड्यांची बेरीज ताळा म्हणून जोडलेली असते. ती चुकली तर पंखा ऐकतच नाही.

मी त्याची वही पाहिली. तारीख, काय बदललं, काय तसंच ठेवलं, काय दिसलं. "एका वेळी एकच गोष्ट बदला, बाकीच्या स्थिर ठेवा, निरीक्षण नोंदवा," हे वाक्य मी प्रयोगवहीच्या पहिल्या पानावर वर्षानुवर्षं लिहून देत आलोय. मुलं ते उतरवून घेतात आणि प्रयोग मात्र पुस्तकातून निष्कर्ष बघून लिहितात. इथे निष्कर्ष छापलेलं पुस्तकच नव्हतं. म्हणून हा प्रयोग खरा झाला. ज्या मुलाच्या प्रयोगवहीवर मी दोन वेळा "नीटनेटकेपणा हवा" असा शेरा मारला होता, त्याची ही वही होती, हेही कबूल करतो.

"हे चोचले नाहीत का?"

हा आक्षेप मला मान्य आहे, अर्धा. दिव्यांमुळे कॉम्प्युटर एक अक्षरही जास्त वेगाने चालत नाही. दिव्यांसाठी म्हणून महाग वस्तू घेऊ नये, कर्ज काढून तर अजिबात नाही. रात्री झोपायच्या खोलीत ते पेटते ठेवू नयेत. पालकांनी इथे नाही म्हटलं तर मी पालकांच्या बाजूने आहे.

पण उरलेला अर्धा भाग असा. मुलं ज्या वाटेने शिकायला येतात ती वाट आपण ठरवू शकत नाही. आमच्या पिढीतली कितीतरी मुलं रेडिओ उघडून इलेक्ट्रॉनिक्स शिकली. घरच्यांचा ओरडा खाल्ला, पण शिकली. गणपतीच्या आरासेत चलत्चित्र करणाऱ्या वाडीतल्या मुलांनी मोटर, पुली आणि स्विच कुठल्या पुस्तकातून शिकले होते? रंगीत दिवा हा आजचा रेडिओ आहे. फरक इतकाच की रेडिओ उघडायला स्क्रूड्रायव्हर पुरत असे, आणि आजच्या वस्तूचं झाकण कायद्याने, कराराने आणि गुप्त संदेशांनी बंद केलेलं असतं. ओपनआरजीबीसारखे प्रकल्प म्हणजे तो स्क्रूड्रायव्हर. तो मुलांच्या हातात असावा असं मला वाटतं.

धोके लपवायचे नाहीत

मुक्त सॉफ्टवेअर म्हणजे सगळं गोड, असं सांगणं मुलांची फसवणूक होईल. उलगडलेली भाषा चुकू शकते. ओपनआरजीबीच्या बाबतीतही एका कंपनीच्या काही मदरबोर्डवरचे दिवे चुकीच्या संदेशांमुळे कायमचे बंद पडल्याच्या तक्रारी आल्या होत्या. प्रकल्पाने ती गोष्ट दडपली नाही. स्वतःच्या माहितीपत्रकात लिहिली, तो भाग पुन्हा नव्याने केला आणि तपासलेल्या बोर्डांपुरताच सुरू ठेवला. चूक झाली हे जाहीर लिहिणं आणि काय सुधारलं तेही लिहिणं, हा धडाही मुलांनी बघण्यासारखा आहे. मोठी माणसं हे फारसं करत नाहीत.

दुसरी गोष्ट सुरक्षेची. रॅम आणि मदरबोर्डच्या दिव्यांपर्यंत पोहोचायला प्रोग्रामला कॉम्प्युटरच्या फार आतल्या भागात जावं लागतं. विंडोजवर त्यासाठी विनरिंग-झिरो नावाचा एक जुना ड्रायव्हर अनेक प्रोग्राम वापरत असत. त्यात सुरक्षेची त्रुटी होती. २०२५ मध्ये विंडोजच्या स्वतःच्या संरक्षण यंत्रणेने त्याला अडवायला सुरुवात केली आणि ओपनआरजीबीला दुसरा मार्ग धरावा लागला. तेव्हा असे प्रोग्राम प्रकल्पाच्या मूळ ठिकाणाहूनच घ्यावेत, नवी आवृत्ती घ्यावी, आणि यूट्यूबवरच्या व्हिडिओखालच्या कुठल्याही लिंकवरून घेऊ नयेत. शाळेच्या परीक्षेच्या किंवा कार्यालयाच्या कॉम्प्युटरवर तर असले प्रयोग नकोतच.

तिसरी गोष्ट साध्या विजेची. मदरबोर्डवर दिव्यांच्या दोन प्रकारच्या जोडण्या असतात. एक चार पिनांची, १२ व्होल्टची. दुसरी तीन पिनांची, ५ व्होल्टची. ५ व्होल्टची पट्टी १२ व्होल्टवर जोडली तर ती जळते. जबरदस्तीने काही बसवू नये, आणि मोठं माणूस जवळ असल्याशिवाय कॅबिनेट उघडू नये. मुलांना आधी हे शिकवावं, मग रंग.

कंपन्यांची बाजू

कंपन्यांचं म्हणणंही ऐकलं पाहिजे. त्या म्हणतात, आमच्या वस्तूला कुणीही काहीही संदेश पाठवले आणि ती बिघडली तर वॉरंटी आम्ही का द्यायची? हे अगदीच चूक नाही. पण त्यावरचा उपाय भाषा लपवणं हा नाही. भाषा नीट छापून दिली तर अंदाजाने उलगडावीच लागणार नाही, आणि अंदाज नसेल तर चुकाही कमी होतील.

आपल्या रत्नदुर्गाजवळचं दीपगृह बघा. प्रत्येक दीपगृहाची उघडझाप वेगळी असते, किती सेकंदांनी किती झोत, हे ठरलेलं. ती त्याची स्वतःची ओळख आहे. पण ती ओळख गुपित नसते. दर्यावर्दींसाठी छापलेल्या याद्यांमध्ये आणि नकाशांवर ती लिहिलेली असते, म्हणून जहाज कुठल्याही देशाचं, कुठल्याही कंपनीचं असो, खलाशाला कळतं की आपण कुठे आहोत. समजा एखाद्या दीपगृहाने ठरवलं की आमची उघडझाप समजायला आमचंच यंत्र विकत घ्या, तर त्या दिव्याचा उपयोग काय?

मोठ्या कंपन्यांनाही हे पटू लागलंय असं दिसतं. २०२३ मध्ये मायक्रोसॉफ्टने विंडोज ११ मध्येच दिव्यांचं नियंत्रण आणलं, डायनॅमिक लायटिंग या नावाने. ते ज्या मानकावर चालतं ते उघडं आहे. लॅम्पॲरे असं त्याचं नाव. ज्या वस्तूत कंपनीने ते मानक पाळलंय, तिला वेगळं ॲप लागत नाही. स्वागतच आहे. पण ज्या वस्तू आधीच विकल्या गेल्या आणि ज्यांच्यासाठी कंपनी आता काही करणार नाही, त्यांचं काय? जुन्या बाजारातून सामान घेणाऱ्या मुलाच्या घरी नेमक्या त्याच वस्तू असतात. त्यांना सांभाळतात ते ओपनआरजीबीसारखे प्रकल्प. नवं घेण्याची ऐपत नसलेल्यासाठी हा प्रश्न हौसेचा नाही, चालू वस्तू भंगारात जाण्याचा आहे.

मग शाळेने आणि घरी काय करावं?

माझं मत थोडक्यात मांडतो. आपल्या शाळांत संगणक शिकवणं म्हणजे बहुतेक वेळा एखाद्या कंपनीच्या प्रोग्रामची बटणं शिकवणं असतं. बटणं दर तीन वर्षांनी बदलतात. आमच्या प्रयोगशाळेतही देणगीतून आलेले, निरनिराळ्या वर्षांचे, निरनिराळ्या कंपन्यांचे कॉम्प्युटर आहेत. ज्या शाळेचं सामान असं मिसळीसारखं असतं, तिला कुठल्याही एका कंपनीवर अवलंबून राहणं परवडतच नाही. म्हणून आपण समान भाषा आणि उघडी साधनं शिकवायला हवीत.

हे काही जगावेगळं सांगत नाही. केरळने आपल्या शाळांचं संगणक शिक्षण फार पूर्वीच मुक्त सॉफ्टवेअरवर नेलं. भारत सरकारने २०१५ मध्ये स्वतःच्या कार्यालयांसाठी ओपन सोर्सला प्राधान्य देण्याचं धोरण काढलं. बालभारतीच्या पुस्तकातला क्यूआर कोड स्कॅन करून आपण ज्या दीक्षावर जातो, तेही सनबर्ड या मुक्तस्रोत पायावर उभं आहे. म्हणजे आपण रोज वापरतोच, फक्त मुलांना सांगत नाही.

सुरुवात छोटी करता येईल. शाळेत एखादा जुना कॉम्प्युटर फक्त प्रयोगासाठी बाजूला काढा आणि त्यावर लिनक्स घाला. शिकवायला कुणी नाही ही अडचण असेल तर आयआयटी मुंबईच्या स्पोकन ट्यूटोरियल प्रकल्पाचे लिनक्स, लिबरऑफिस, पायथन अशा विषयांवरचे छोटे धडे आहेत, मराठीतही आहेत. दिवे असलेला एखादा जुना कीबोर्ड मिळाला तर ओपनआरजीबी लावा. त्याला बाहेरून पायथन प्रोग्रामनेही आज्ञा देता येतात. "गणिताचं उत्तर बरोबर आलं तर कीबोर्ड हिरवा, चुकलं तर लाल" हा प्रोग्राम आठवी-नववीच्या मुलांना आठवडाभर पुरेल. आणि ज्यांना प्रोग्रामिंग नको, पण भाषा आवडते, त्यांच्यासाठीही काम आहे. अशा मुक्त प्रोग्राममधल्या सूचनांचं भाषांतर कुणीही करून देऊ शकतं. 'ब्राइटनेस' ला उजेड म्हणायचं की तेज, यावर मराठीच्या तासाला चांगला वाद घालता येईल.

पालकांसाठी एकच विनंती. मुलासाठी कुठलंही उपकरण घेताना किंमत आणि दिसणं याबरोबर दुकानदाराला तीन प्रश्न विचारा. हे खातं न उघडता चालतं का? इंटरनेट नसताना चालतं का? कंपनीने ॲप बंद केलं तर पुढे काय? दुकानदाराला उत्तर माहीत नसेल. हरकत नाही. प्रश्न मुलाच्या समोर विचारा, म्हणजे तो पुढच्या वेळी स्वतः विचारेल.

त्या दिवशी निघताना त्याच्या आईने पुन्हा विचारलं, "काय मग सर, सांगितलंत का त्याला?" मी म्हटलं, "वहिनी, रात्री दहानंतर दिवे बंद, हे सांगितलंय. बाकी त्याला करू दे." ती हसली, पण तिचं पुरतं समाधान झालं नव्हतं. खरं सांगायचं तर माझंही पुरतं झालेलं नाही. पंखे अजून निळेच फिरताहेत, त्यांचा ताळा त्याला सापडलेला नाही. पण त्याने आतापर्यंत जे शोधलं ते उपकरणाच्या क्रमांकासह प्रकल्पाकडे पाठवून दिलंय. उद्या तेच पंखे असलेला कुणी दुसरा मुलगा, नागपूरचा असेल नाहीतर ब्राझीलचा, तिथून पुढे सुरू करील.

पुढच्या महिन्यात मी त्याला आमच्या नववीच्या वर्गात बोलावणार आहे. दिवे घेऊन ये, असं सांगितलं नाही. ती वही घेऊन ये, एवढंच म्हटलंय.